प्रतिवादी क्रमांक चार

सरकारी नोकरीत रुजू व्हायच्या दिवशी मी सकाळी दहापासून ऑफिसच्या बाहेरच्या बाकावर बसून होते. नवी साडी नेसलेली, मांडीवर डबा, पर्समध्ये नेमणुकीचा हुकूम. आत जाऊन एका कागदावर सही करायची होती, बाकी काही नाही. ती मी केली नाही. कारण त्या दिवशी अमावस्या होती आणि माझ्या सासूबाईंनी साखऱ्याहून, आमच्या गावाहून, निघताना बजावून सांगितलं होतं, "आवस सरल्याबिगर सरकारी कागदाला हात लावायचा न्हाई. जन्माची भाकर हाय ती."

हसा, खुशाल हसा. ऑफिसातले सगळे हसलेच होते.

सासूबाई वाईट नव्हत्या. सून परीक्षा देऊन निवड यादीत आली याचा त्यांना माझ्यापेक्षा जास्त आनंद झाला होता. गावात घरोघरी साखर त्यांनीच वाटली. आदल्या दिवशी त्यांनी मला भिंतीवरचं कॅलेंडर वाचायला लावलं. अमावस्या दुपारी सव्वाचारला संपत होती. "मंग सव्वाचारला कर की सही," त्या म्हणाल्या, "हापिस पाचपस्तोर आसतंय न्हवं?" मलाही ते पटलं. उगाच खोटं कशाला बोलू, मीही भिणारीच होते.

माझ्याबरोबर त्याच हुकुमावर आणखी एकीचं नाव होतं. ती कनेरगाव नाक्याची. बापाची मेंढरं, बाप वर्षातले आठ महिने कळपामागं रानोमाळ. लग्न होऊन दोन वर्षांत नवऱ्यानं सोडलं, तशी एक लेकरू घेऊन बापाच्या घरी आली आणि टायपिंग शिकून आमच्या परीक्षेला बसली. कागदपत्रं तपासायच्या रांगेत ती माझ्या मागं उभी होती, तिथं आमची ओळख झाली. निवड यादीत माझा नंबर तिच्या दोन वर. दोघीही कनिष्ठ लिपिक, एकच खातं, हिंगोलीतलं एकच ऑफिस.

तिचं अक्षर फार सुरेख. त्या सकाळी बाकावर बसून तिनंच दोघींचे रुजू अहवाल लिहिले. रुजू अहवाल म्हणजे 'आज मी कामावर हजर झाले' असं साहेबांना कळवायचा अर्ज. वर तारीख, खाली सहीची जागा. स्वतःच्या कागदावर तिनं तिथंच सही ठोकली आणि माझ्यापुढं पेन धरलं.

"कर की गं. कोन बघून राहिलंय?"

"आवस हाय."

"अगं बाई! माझ्या बापाला मेंढरं मोजताना आवस न्हाई का पुनव न्हाई."

"तुज्या बापाला सासू न्हाई," मी म्हणाले. ती इतकी हसली, की आतून शिपाई बघायला आला.

ती आत जाऊन रुजू झाली. मी बाकावर. दुपारी ती बाहेर आली, आम्ही दोघी एकाच डब्यात जेवलो. तिचा ठेचा, माझ्या दशम्या. सव्वाचार वाजले, मी पदर सारखा केला, देवाचं नाव घेतलं आणि आत गेले. तर बडे बाबूंची, म्हणजे हेडक्लार्कांची, खुर्ची रिकामी! साहेब दौऱ्यावर, आणि बडे बाबू चारच्या गाडीनं गावाकडं निघून गेलेले. हजेरीपट कपाटात, कपाटाला कुलूप. शिपाई म्हणाला, "सकाळधरनं बसल्या व्हत्या न्हवं बाई, तवाच काहून न्हाई आल्या? आता उद्या या."

मी उद्या गेले. तिनं मला नव्या तारखेचा अहवाल लिहून दिला, मी झोकात सही केली. जुना कागद, ज्यावर माझी सही राहिली होती, तो तिनं फेकला नाही. "कोरी बाजू हाय, वाया काहून घालवायची," असं म्हणून पालथा केला आणि मागच्या बाजूला एस.टी.च्या वेळा लिहिल्या. डावीकडं माझ्या सेनगावकडच्या गाड्या, उजवीकडं तिच्या वाशिमकडच्या. तिच्या टेबलावर काच होती, काचेखाली तो कागद सरकवला. वर्षावर्षाला वेळा बदलायच्या, ती खोडून नव्या लिहायची. आमच्या दोघींच्या टेबलांत हातभर अंतर होतं. रोज पाच वाजता मी मान वाकडी करून त्या कागदावर माझी गाडी बघायची.

नेमणुकीच्या हुकुमात शेवटची ओळ होती. अमुक तारखेपर्यंत रुजू व्हावं, नाही झाल्यास रुजू झाल्याच्या तारखेपासून ज्येष्ठता धरली जाईल. ती अमुक तारीख म्हणजे नेमका तो अमावस्येचा दिवस. आम्ही दोघींनीही ती ओळ वाचली असेल, पण आनंदाच्या भरात कोण शेवटची ओळ बघतं? वर्षअखेरीला पहिली ज्येष्ठता यादी निघाली. तिच्यात ती वर आणि मी खाली. यादी सगळ्यांना दाखवायची, 'वाचले' म्हणून सही घ्यायची, हरकत असेल तर महिन्यात लिहून द्यायची, अशी पद्धत. मी सही केली. पुढच्या वर्षी केली, त्याच्या पुढच्या वर्षी केली. वर काय नि खाली काय, दोघी तर शेजारीच बसतो, असं मला वाटायचं. पंधरा वर्षं मी ती सही करत आले.

या पंधरा वर्षांत माझं सगळं होत्याचं नव्हतं झालं. तिसऱ्याच वर्षी घरधनी गेले, शेतात मोटारीचा शॉक लागून. तेव्हा ती साखऱ्याला येऊन राहिली. दहावं-तेरावं होईपर्यंत चूल तिनं सांभाळली, आणि नंतर हाताला धरून मला ऑफिसात आणून खुर्चीत बसवलं. "रडायचं तर हितं रड. घरी भिताडाशी नगं रडू." मग सासूबाई गेल्या. मुलगी शिकली, लग्न होऊन पुण्याला गेली. मी हिंगोलीत एक खोली घेतली. सकाळी उठल्यापासून ऑफिसात पोचेपर्यंत आणि ऑफिस सुटल्यापासून झोपेपर्यंत माझ्या तोंडून शब्द निघायचा नाही. बोलायला मला तीच एक होती. माझा राग, माझं फुगणं, माझं फटकळ तोंड, सगळं तिनं सोसलं. नाकावर माशी बसू न देणारी बाई मी. माझं दुसऱ्या कोणाशी जमलंच नसतं.

आणि मग वरिष्ठ लिपिकाची एक जागा निघाली. एकच. यादीत वर ती, म्हणून बढती तिला.

हुकूम आला त्या दिवशी तिनं पेढे आणले. पहिला पेढा साहेबांना नाही दिला, माझ्या तोंडात घातला. मी तो खाल्ला. पण खरं सांगते, तो गोड लागला नाही. पगाराची श्रेणी वरची, पण त्या श्रेणीचं मला एवढं काही नव्हतं. मला जे झोंबलं ते वेगळंच. आता माझी प्रत्येक नस्ती, प्रत्येक टिपणी आधी तिच्यापुढं जाणार, आणि तिची सही झाल्यावर साहेबांकडं. तिच्यापेक्षा दोन नंबर वर आलेली मी, तिच्यापुढं फाईल ठेवून उभी राहणार! ती माझ्या चुका पेन्सिलीनं दाखवायची. हळूच, कोपऱ्यात, म्हणजे मला खोडून टाकता याव्यात आणि साहेबांना दिसू नयेत. लाल पेन वापरलं असतं तर मी भांडून मोकळी झाले असते. त्या पेन्सिलीनं माझ्या डोक्यात तिडीक जायची.

त्यातच आमच्या कर्मचारी संघटनेचे एक भाऊ एकदा ऑफिसात आले. चहा पिता पिता सहज म्हणाले, "मॅडम, तुमचा निवडीचा नंबर वरचा असताना तुम्ही खाली कशा? ज्येष्ठता गुणवत्तेवर धरतात. एका दिवसाचा उशीर काय उशीर झाला? दाद मागा, हमखास मिळेल." एवढं बोलून ते गेले. त्यांचा चहा संपला, माझी झोप गेली.

मी हरकत लिहून दिली. ती 'मुदतीत रुजू नाही' या एका ओळीत फेटाळली गेली. मग मी औरंगाबाद गाठलं. नाव बदललंय, पण माझ्या तोंडात तेच बसलंय. तिथं सरकारी नोकरांच्या भांडणाचं न्यायाधिकरण आहे. वकिलांनी माझे कागद चाळले आणि चष्म्यावरून बघत विचारलं, "त्या दिवशी तुम्ही रुजू का नाही झालात?"

मी अमावस्येचं सांगितलं. वकिलांनी पेन खाली ठेवलं.

"मॅडम, हे तिथं बोलाल तर केस गेली. तुम्ही दिवसभर ऑफिसात होता ना?"

"व्हय. बाकावर."

"मग झालं तर. अर्जदार दिवसभर कार्यालयात हजर होत्या, परंतु कार्यालयाने त्यांना रुजू करून घेतले नाही. असं लिहू. अमावस्येचं नाव काढायचं नाही."

पहिलं वाक्य खरं होतं, दुसरं खोटं. मी मान डोलावली.

मग त्यांनी विचारलं, "तुमच्या वर कोण आहे यादीत? त्यांचं नाव-पत्ता सांगा. ज्यांना खाली आणून तुम्हाला वर जायचं, त्यांना पक्षकार करावंच लागतं. मनाला लावून घेऊ नका, नुसती फॉर्मॅलिटी." प्रतिवादी क्रमांक एक शासन, दोन आणि तीन आमचे साहेबलोक. क्रमांक चारला तिचं नाव. पत्ता मी तोंडपाठ सांगितला. मुक्काम पोस्ट कनेरगाव नाका, देवळामागची गल्ली. पिनकोडही सांगितला. राखी पोस्टानं पाठवायचे मी तिच्या भावाला, त्यामुळं पाठ होता.

तिला आधी सांगायचं, असं मी पक्कं ठरवलं होतं. देवाशपथ ठरवलं होतं. परत येताना गाडीत शब्द जुळवले. दुसऱ्या दिवशी डबा उघडला, तिनं मेथीची भाजी वाढली, आणि मी म्हणाले, "मीठ कमी हाय." त्याच्या दुसऱ्या दिवशी तिच्या लेकराला ताप होता. मग शनिवार-रविवार आला. आज सांगते, उद्या सांगते करता करता पंधरा दिवस गेले आणि माझ्या आधी नोटीस पोचली. रजिस्टर पोस्टानं, घरी. सही करून घेतली ती तिच्या म्हाताऱ्या बापानं. त्यानं कधी रजिस्टर बघितलेलं नव्हतं. पोरीला सरकारनं काढलं का काय, म्हणून तो दिवसभर जेवला नाही. हे मला शिपायानं सांगितलं.

दुसऱ्या दिवशी ती नेहमीच्या वेळेला आली. सही केली, बसली, कामाला लागली. दुपारी तिनं डबा काढला तो स्वतःच्या टेबलावर. माझ्याकडं वळली नाही. दोन घास खाल्ले आणि समोर बघत म्हणाली, "पत्ता बराबर लिवलास गं. पिनकोडसुदिक."

मी म्हणाले, "अगं ऐक तरी, ती निस्ती फॉर्मॅलिटी..."

"व्हय," ती म्हणाली, आणि डबा बंद केला.

त्या दिवसापासून तिनं मला 'गं' म्हटलं नाही. 'मॅडम' म्हणायला लागली. "मॅडम, हे टपाल तुमचं." "मॅडम, साहेब बोलावून राहिले तुमाला." भांडली असती तर बरं झालं असतं. चार शिव्या घातल्या असत्या, झिंज्या धरल्या असत्या, तरी चाललं असतं. हातभर अंतरावर बसून ती मला अहो-जाहो करत राहिली आणि मी फायलीत तोंड घालून रडू आवरत राहिले. ऑफिसातले बाकीचेही हळूहळू माझ्यापासून लांब झाले. भांडखोर बाई, आज हिला कोर्टात ओढलं, उद्या आपल्याला ओढेल, असं त्यांना वाटत असणार. त्यांचं काय चुकलं?

केस चार वर्षं चालली. तारखेच्या दिवशी पहाटेच्या गाडीत बसायचं, जिंतूर, मंठा, जालना करत दुपारी पोचायचं. बहुतेक वेळा पुढची तारीख घेऊन परत. जिंतूरच्या स्टँडवर मी चहा प्यायची. एकदा सवयीनं "दोन कट" म्हणून गेले. पोऱ्यानं दोन ग्लास ठेवले. मी दोन्ही प्याले, काय करणार.

सगळा वेळ एकच धास्ती. खात्याचं म्हणणं होतं, अर्जदार त्या दिवशी आल्या याला पुरावाच नाही. तेव्हाचे बडे बाबू वारले होते, शिपाई रिटायर होऊन पोराकडं गेला होता. मला त्या बाकावर बसलेलं बघितलेली आणि का बसले ते माहीत असलेली एकच बाई उरली होती, आणि तिला मी प्रतिवादी केलं होतं. तिनं उत्तरात 'आवस' हा एक शब्द लिहिला, की मी गेले. खोटं बोलल्याचा ठपका वर. तिची जागा वाचवायला तिला तेवढं पुरेसं होतं, आणि लिहिलं असतं तर ते खरंच असतं. मी रोज शेजारी बसून तिच्या टाइपरायटरसारख्या चालणाऱ्या बोटांकडं बघायची. की-बोर्डावर ती कधी एकदा तो शब्द उमटवते, असं व्हायचं.

तिसऱ्या वर्षी तिनं उत्तर दाखल केलं. वकील न लावता, स्वतः टाइप करून. वकिलांनी मला बोलावून घेतलं आणि हसत हसत एक पानाची प्रत माझ्यापुढं सरकवली. "मॅडम, नशीब घेऊन आलात. समोरच्या पार्टीनंच आपली केस लिहून दिली!"

चार ओळी होत्या. अर्जदार त्या दिवशी सकाळी दहापासून माझ्यासोबत कार्यालयात हजर होत्या. त्यांचा रुजू अहवाल माझ्या हस्ताक्षरात त्याच तारखेचा तयार होता, तो सोबत जोडला आहे. निवड यादीत त्यांचा क्रमांक माझ्या वर आहे. ज्येष्ठता त्यांना दिल्यास माझी हरकत नाही.

अमावस्येचं नाव नव्हतं. कार्यालयानं रुजू करून घेतलं नाही, हे माझं खोटंही तिनं लिहिलं नव्हतं. जे खरं, तेवढंच, आणि जिथं माझं वाकडं झालं असतं तिथं ती गप्प बसली होती.

मी पान उलटलं. सोबत जोडलेल्या कागदाची दोन्ही बाजूंची झेरॉक्स होती. एका बाजूला तिच्या सुरेख अक्षरातला तो पहिल्या दिवसाचा अहवाल, सहीची जागा रिकामी. दुसऱ्या बाजूला सेनगावकडच्या गाड्या आणि वाशिमकडच्या गाड्या, खोडून खोडून लिहिलेल्या. मी वकिलांच्या ऑफिसात, त्यांच्या दोन ज्युनियरांसमोर, तोंडाला पदर लावून ढसाढसा रडले. वकिलांना वाटलं, आनंदानं.

डोळे पुसून मी विचारलं, "केस मागं घेता येती का?"

"आता?" ते म्हणाले. "जिंकलेली केस? घ्यायची तर घ्या, तुमची मर्जी. पण विचार करा."

मी विचार केला. इथं मला स्वतःला वाचवायचं नाही. मागं घेता आली असती, कोणी माझा हात धरला नव्हता. पण इतकी वर्षं घातली, इतके हेलपाटे घातले, आणि आता न्याय दारात आलाय तर लाथाडायचा? आणि बोलणं तर तिनं तसंही सोडलंय. असं काय काय मी त्या गाडीत बसून स्वतःला समजावलं. हिंगोली येईपर्यंत माझं समाधान झालं होतं.

दुसऱ्या दिवशी ऑफिसात गेले तर तिच्या काचेखाली रिकामी चौकट होती. भोवतीचा टेबलाचा रंग उडालेला, आणि कागद होता तिथं जुना गडद रंग तसाच. मी तिच्या टेबलाजवळ उभी राहिले. म्हणाले, "मी वाचलं तुजं उत्तर."

"व्हय का मॅडम," ती म्हणाली. "ही पेन्शनची नस्ती आज जायची हाय. सही करून देता?"

निकाल माझ्या बाजूनं लागला. वकिलांनी तो व्हॉट्सॲपवर पाठवला, खाली दोन फुलांचे गुच्छ. मी भाजी मंडईत होते. कोणाला सांगावं म्हणून फोन हातात धरला आणि बघत राहिले. मुलीला लावला तर ती मीटिंगमध्ये. मग भेंडी घेतली आणि घरी आले.

काही महिन्यांनी खात्याचा हुकूम आला. मी वरिष्ठ लिपिक, मागच्या तारखेपासून. ती परत कनिष्ठ, खालच्या श्रेणीत. तिच्या सेवापुस्तकात तशी नोंद घ्यायची होती. आस्थापनेचं टेबल वरिष्ठाकडं, म्हणून ती नोंद मीच घेतली. तिनं ड्रॉवर रिकामा केला. एक पंचा, पाण्याची बाटली, लेकराचा शाळेतला फोटो. सगळं एका पिशवीत मावलं. ती माझ्या जागेवर जाऊन बसली आणि मी तिच्या. आता काचेखालची ती गडद चौकट माझ्यापुढं आली. मी तिच्यावर कॅलेंडर ठेवलं.

त्यानंतर वर्षभर ती माझ्यापुढं फाईल ठेवून उभी राहायची. तिच्या टिपणीत चूक सापडावी म्हणून मी वाचायची, पेन्सिलीनं कोपऱ्यात काहीतरी लिहावं म्हणून. तिच्या टिपणीत चूक कधी नसायची. यंदा ज्येष्ठता यादी मी तयार केली. पहिलं नाव माझं, दुसरं तिचं. तिनं 'वाचले' लिहून सही केली. सुरेख अक्षरात.

गेल्या महिन्यातली गोष्ट. सकाळचे अकरा वाजले असतील. ती उठून माझ्या टेबलाशी आली आणि एक अर्ज ठेवला. वीस वर्षं सेवा पूर्ण झाल्यानं स्वेच्छेनं निवृत्त होऊ इच्छिते, हा तीन महिन्यांचा पूर्वसूचना अर्ज. कारण, वैयक्तिक.

तीन महिने, म्हणजे तीन महिन्यांनी ती शेजारच्या खुर्चीत नसणार. मॅडम म्हणायला का होईना, ती होती. रोज सकाळी तिची चप्पल वाजली की मला बरं वाटायचं. तेवढ्यावर मी दिवस काढत होते, हे मला त्या क्षणी समजलं. आता हिला काय सांगून थांबवू? माफी मागू? पाय धरू? आजूबाजूला सगळे बसलेले. माझी नजर काचेवरच्या कॅलेंडरवर गेली आणि मी बुडत्याला फांदी सापडावी तशी बोलले, "अगं, आज आवस हाय. आज नगं देऊ. उद्या दे."

वीस वर्षांत तिनं माझ्याकडं इतकं सरळ कधी बघितलं नसेल. रागानं नाही. तिच्या डोळ्यांत पाणी आलं होतं, पण आवाज साधाच होता.

"मला चालती आवस," ती म्हणाली. "मी रुजू बी आवसेलाच झालते."

मी अर्ज हातात धरून बसले. वाटलं, आता तरी ही हसेल, गं म्हणेल, त्या बाकावर हसली होती तशी. ती उभीच होती, दोन्ही हात समोर धरून, जशी कोणत्याही नस्तीसाठी उभी राहायची.

"शिक्का मारता ना मॅडम," ती म्हणाली. "आजची तारीख टाका."

मी आवकचा शिक्का उचलला आणि आजची तारीख टाकली.